टिपणीस काकांची मुभा

टिपणीस काका बाहेर जाताना दाराला कुलूप लावतात आणि मग समोर दिसेल त्या माणसाला हाक मारून ते कुलूप ओढून बघायला लावतात. "जरा ओढा बरं. जोरात. लाजू नका." माणूस ओढतो. कुलूप निघत नाही. "लागलंय काका," असं म्हणून तो निघाला की काका त्याच्या पाठीकडे बघत राहतात. कारण आता त्या माणसाला दोन गोष्टी कळलेल्या असतात. एक, घरात कुणी नाही. दुसरी, हे कुलूप ओढून निघत नाही, म्हणजे येताना काहीतरी हत्यार आणावं लागेल. "संशयाला जागा आहे," असं पुटपुटत काका कुलूप उघडतात आणि घरात जाऊन बसतात. भाजी आणायची राहून जाते.

मी त्यांची भाडेकरू. अंबरनाथला मोरिवलीत त्यांचं बैठं घर आहे आणि मागे एक खोली. त्या खोलीत मी आणि माझा नवरा राहायचो. मी यवतमाळ जिल्ह्यातली, दारव्ह्याच्या पुढची. सातवीत शाळा सुटली. लग्न झालं, ह्यांना अंबरनाथला टेम्पो चालवायचं काम मिळालं म्हणून इकडे आले. मी उल्हासनगरला जीन्सच्या कारखान्यात धागे कापायला जाते. पँट शिवून झाली की शिलाईचे लोंबते धागे कापायचे, एवढंच काम. त्यामुळे मला सवयच लागली आहे, कुठं काय लोंबतंय ते बघायची आणि घाबरायची.

खोली बघायला गेलो तेव्हा काकांनी ह्यांना एकही प्रश्न विचारला नाही. सगळे मला. गाव कोणतं, का सोडलं, गावात कुणाशी भांडण आहे का, नसेल तर का नाही. मी म्हटलं, "काऊन भांडण राहीन जी?" तर म्हणाले, "काऊन नाही. का." मग करारनामा माझ्याच नावाने केला. म्हणाले, "टेम्पोवाला माणूस. सही करेल आणि टेम्पो घेऊन निघून जाईल. तू कुठं जाणार?"

ते खरंच होतं. मी कुठं जाणार होते? ती खोली नसती तर आम्ही रस्त्यावर होतो. आधीच्या मालकाने मुदत संपायच्या आत काढलं होतं, आणि मी भांड्यांची गोणी घेऊन स्टेशनच्या बाहेर बसलेली बाई आहे. म्हणून काका काहीही बोलले तरी मी मनात म्हणायचे, बोलू दे, छप्पर त्यांचं आहे.

काका कारखान्यात तपासणी खात्यात होते. आयुष्यभर माल तपासला, नापास केला. निवृत्त झाल्यावर मालच उरला नाही, म्हणून माणसं तपासायला लागले. मीटर बघायला येणाऱ्याचं ओळखपत्र ते बघतात, मग शेजारच्या पाटील मामींना बोलावून त्यांना दाखवतात, मग त्या माणसाला विचारतात, "हा फोटो तुमचाच आहे हे कशावरून?" दूधवाल्याला रोज पिशवी उन्हात धरायला लावतात. संध्याकाळी कारखान्यांकडून तो आंबूस वास आला की सगळी मोरिवली खिडक्या लावून घेते. काका मात्र बाहेर ओट्यावर येऊन नाक वर करून उभे राहतात. "कालचा वास वेगळा होता," म्हणतात. "आज काहीतरी लपवतायत."

पाटील मामी म्हणायच्या, "अगो, ह्याला देव भेटला ना, तर देवाला पन म्हनेल, आधार कार्ड दाखव."

आमचं बिनसलं ते कढीपत्त्यावरून.

एकदा गावाहून येताना मी मायच्या अंगणातलं कढीपत्त्याचं रोप ओल्या फडक्यात गुंडाळून आणलं. तेलाच्या रिकाम्या डब्यात माती भरली आणि खोलीच्या दाराशी ठेवलं. दुसऱ्या दिवशी काका डब्यापाशी उकिडवे बसलेले.

"हे काय आहे?"

"कढीपत्ता."

"ते मला दिसतंय. का आहे?"

"भाजीत टाकाले."

"कढीपत्ता बाजारात मिळतो. भाजीवाला फुकट देतो. मग माणूस झाड कधी लावतो?" उत्तर त्यांनीच दिलं. "जायचं नसतं तेव्हा लावतो."

झालं. माझी खोली बळकावण्याची योजना त्यांना सापडली. पुढचे काही दिवस ते रोज सकाळी येऊन झाडाची उंची बघायचे. गंमत म्हणजे झाडाची पानंही कमी व्हायला लागली. एकदा मी सकाळी लवकर दार उघडलं तर काका पानं तोडताना सापडले. जराही न दचकता म्हणाले, "नमुना घेतोय. तपासणीसाठी." थोड्याच वेळात त्यांच्या स्वयंपाकघरातून पोह्यांच्या फोडणीचा वास आला. नंतर नमुना रोजच घेतला जाऊ लागला.

आणि मग एक दिवस कोर्टाचा बेलिफ आला. त्याला घर सापडेना, तर काकांनीच त्याला हाताला धरून आमच्या दारात आणलं. "हीच ती. प्रतिवादी." मी कागद घेतला, सही केली आणि उंबऱ्यातच बसले. दाव्याची भाषा मला कळेना. काका स्टूल घेऊन आले, चष्मा लावला आणि मला सगळं वाचून समजावून सांगितलं. "'प्रतिवादीने मिळकतीत कायमचे पाय रोवण्याच्या हेतूने वृक्षारोपण केले.' म्हणजे कढीपत्ता. 'सबब मिळकतीचा रिकामा ताबा वादीस मिळावा.' म्हणजे तू खोली सोड. समजलं ना? तुझ्याविरुद्ध आहे हे."

"समजलं," मी म्हटलं. "पाणी देऊ का?"

"दे."

हे घरी आले तर त्यांना घाम फुटला. टेम्पो गुजरातला जायचा, आठवडा आठवडा ते बाहेर असत. तारखेला मी एकटीच जाणार होते. कोर्ट उल्हासनगरला. मी उल्हासनगरला रोज जाते, पण कारखान्याच्या गल्लीपलीकडे मला काही ठाऊक नाही. रात्रभर मला वाटत राहिलं की मी चुकून दुसऱ्याच्या केसमध्ये उभी राहीन आणि मला शिक्षा होईल.

तारखेच्या सकाळी काका स्कूटर काढून दारात उभे. "बस."

"कुठं?"

"कोर्टात. तू हजर झाली नाहीस तर निकाल एकतर्फी होईल. एकतर्फी मालावर मी कधी सही केलेली नाही."

अशी मी माझ्यावर दावा लावणाऱ्या माणसाच्या मागे स्कूटरवर बसून कोर्टात गेले. तिथं गेल्यावर त्यांनी मला विचारलं, "तुझा वकील कुठं आहे?" मी म्हटलं, नाही. तर ते चिडले. "वकील नाही? मग माझा वकील बोलणार कुणाशी?" बायकांना आणि गरिबांना तिथं फुकट वकील मिळतो, हे मला काकांनी सांगितलं. त्याचा अर्जही त्यांनीच भरला. 'तुमच्याविरुद्ध कोण आहे' असं त्यात होतं तिथं स्वतःचं नाव सुवाच्य अक्षरात लिहिलं आणि खाली रेघ मारली.

परत येताना ते एका टपरीपाशी थांबले. दाल-पकवानच्या दोन प्लेटा सांगितल्या. मी त्यांच्या समोर बसायला गेले तर ओरडलेच. "इथं नाही! तिकडच्या टेबलावर. वादी-प्रतिवादी एकत्र बसलेले कुणी पाहिले तर संगनमत वाटेल." मग मी एका कोपऱ्यात आणि ते दुसऱ्या कोपऱ्यात, तोंडं विरुद्ध दिशेला करून आम्ही खाल्लं. टपरीवाल्या सिंधी मावशी मला हळूच म्हणाल्या, "ससुर है? झगडा हुआ?"

असं वर्षभर चाललं. तारीख, स्कूटर, दाल-पकवान, पुढची तारीख. हसू येतं आता, पण तेव्हा प्रत्येक तारखेच्या आधी मला जेवण जायचं नाही. स्कूटरवर पुढे बसलेला माणूस चांगला आहे हे मला कळत होतं. आणि हाच माणूस जिंकला तर माझी गोणी परत स्टेशनच्या बाहेर, हेही कळत होतं.

त्यातच गावाहून भावाचा फोन आला. माय आजारी. अन्न सुटलंय. "तुझं नाव घेते. ये लवकर."

मी गेले नाही. हे टेम्पोवर, सुरतच्या पुढे. तारीख जवळ आलेली. माझ्या मनात एकच. मी गेले, खोली रिकामी राहिली, की काका दुसरं कुलूप लावतील. कोर्टात म्हणतील, गेली सोडून. कागद त्यांच्याकडे, घर त्यांचं, अक्कल त्यांची. मी कढीपत्त्याच्या डब्यापाशी बसून रडायचे आणि काका खिडकीतून बघायचे.

दोन दिवसांनी ते बाहेर आले. "रोज रडतेस. सांगत कुणाला काही नाहीस. संशयाला जागा आहे."

मी सांगितलं. माय अशी अशी.

"मग जात का नाहीस?"

काय झालं कुणास ठाऊक, मी आयुष्यात कुणाला उलट बोलले नव्हते. "कशी जाऊ? मी गेले की तुम्ही कुलूप लावसान!"

काका माझ्याकडे बघतच राहिले. त्यांचा हात कढीपत्त्यापाशी गेला होता, नमुना घ्यायला, तो तसाच राहिला. "मी?"

"हो, तुम्ही."

"माझ्यावर संशय आहे तुला?"

"आहे," मी म्हटलं.

आख्ख्या अंबरनाथवर संशय घेतलेला माणूस. पण उलट त्यांच्यावर कुणी संशय घेतला असेल, असं त्यांना कधी सुचलंच नव्हतं बहुतेक. ते घरात गेले. जरा वेळाने चपला घालून बाहेर पडले, कुलूप लावलं, आणि ओढून बघायला कुणालाच न बोलावता निघून गेले. समोर पाटील मामी तांदूळ निवडत होत्या. त्या घाबरून म्हणाल्या, "बरं नाय का गो ह्याला?"

संध्याकाळी मला म्हणाले, "उद्या चल. वकिलाकडे."

त्यांच्या वकील मोटवानीबाईंचं ऑफिस उल्हासनगरच्या कॅम्प एकमध्ये, कापडाच्या दुकानावर. मला त्यांनी बाहेर बाकावर बसवलं, कारण आतली बोलणी प्रतिवादीने ऐकायची नसतात. मध्ये फळीची भिंत होती. सगळं ऐकू येत होतं.

"विथड्रॉ करायचाय? अरे वा! फिर तो सोपं आहे काका. एक अर्ज, खतम."

"खतम नको. पुन्हा दाखल करता यायला हवा."

"काका, असं थोडी असतं? मागे घेतला म्हणजे घेतला."

"तिची आई बरी झाली, ती परत आली, आणि तिने दुसरं झाड लावलं तर? मी हात बांधून बसू?"

मोटवानीबाईंनी मोठा श्वास घेतलेला बाहेर ऐकू आला. "बघा, पुन्हा दाखल करायची मुभा राखून मागे घेता येतो. पण कोर्टाला त्याचं कारण लागतं. दाव्यातच काही दोष आहे, असं दाखवावं लागतं. आपली काहीतरी मिस्टेक."

"कुणाची?"

"तुमची. म्हणजे आपली. दावा तर तुम्हीच लिहून आणला होता ना? मैने तो टायपिंग ही किया."

आत कागद उलटल्याचा आवाज आला.

"माझ्या हातून दोष जात नाही," काका म्हणाले.

"तो फिर मुभा नही मिलेगी."

परत येताना ते टपरीपाशीही थांबले नाहीत. घरी आल्यावर दावा घेऊन ओट्यावर बसले आणि स्वतःच लिहिलेलं स्वतःच तपासायला लागले. एकेका ओळीवर बोट ठेवून. जन्मभर लोकांच्या मालात दोष काढला, तेव्हा म्हणे क्षणात दिसायचा. आता दिसेना. खोटा दोष सांगायला ते तयार नव्हते. "नसलेला दोष दाखवणं हीसुद्धा खोटी तपासणी," असं त्यांनी मला बजावलं. मी दारात बसून त्यांच्या बोटाकडे बघत होते. माझी माय त्या बोटाखाली अडकली होती.

उन्हं उतरली तसे ते उठले. घरातून होकायंत्र घेऊन आले, खोलीच्या मागे गेले, नाल्याकडे तोंड करून उभे राहिले. परत आले ते एकदम म्हातारे दिसत होते.

"पूर्वेला नाला, असं मी लिहिलंय," ते म्हणाले. "नाला ईशान्येला आहे."

"मग?" मी विचारलं.

"मग काय? माल नापास."

तारखेला अजून काही दिवस होते, पण मोटवानीबाईंनी विनंती करून लवकर घ्यायला लावली. जज्जसाहेबांनी अर्ज वाचला, चष्म्यावरून काकांकडे बघितलं. "मिळकतीच्या चतुःसीमा चुकल्यात म्हणता. दाव्यात दोष आहे, हे तुम्हाला मान्य आहे?"

काका दोन्ही हातांनी कठडा धरून उभे होते. मला वाटलं, आता नाही म्हणतात. मोटवानीबाईंनी हळूच त्यांची बाही ओढली.

"आहे," काका म्हणाले. "माझ्याच हातचा."

नव्याने दाखल करण्याची मुभा राखून दावा निकाली निघाला. बाहेर आल्यावर काकांनी मला बोटाने थांबवलं. "फार खूश होऊ नकोस. मुभा आहे माझ्याकडे. गाडी कितीची आहे तुझी?"

त्यांनी मला कल्याणला सोडलं. स्कूटरवरूनच. निघताना म्हणाले, "तुझं कुलूप तूच लावलंस ना? किल्ली तुझ्याकडेच आहे ना? दाखव." मी पदराची गाठ सोडून किल्ली दाखवली. "हं," म्हणाले आणि गेले.

माय मला भेटली. डोळे उघडून तिने पहिलं विचारलं, कढीपत्ता जगला का. मी म्हटलं, जगला, त्याच्यावर केस झाली. तिला सगळं सांगितलं. मालकाने दावा लावला, आणि तारखेला मालकच स्कूटरवर न्यायचा. माय उशीवर डोकं टेकून हसली. आवाज फुटत नव्हता, पण हसली. माझ्याजवळ तिचं ते हसणं आहे. पुढच्या पौर्णिमेला ती गेली, तेव्हा मी तिच्या उशाशी होते. काकांचे माझ्यावर काय उपकार आहेत, ते ह्या एका वाक्यात आलं. जास्त मला लिहिता येणार नाही.

परत आले तर माझं कुलूप जसंच्या तसं. त्याच्यावर धूळही होती, ती काकांनी पुसली नव्हती, मुद्दाम. हात लावल्याचा संशय नको म्हणून. पण कढीपत्ता! इतका हिरवागार मी सोडून गेले नव्हते. डब्यातली माती ओली. आळं केलेलं.

"पाणी तुम्ही घातलं काका?"

"पुरावा आहे तो," काका म्हणाले. "मुभा राखलीय ना? पुरावा जिवंत ठेवावा लागतो."

त्यानंतर मुभा हे आमच्या घरातलं माणूसच झालं. हे अंगणात टेम्पो उभा करायचे, काका म्हणायचे, "मुभा आहे माझ्याकडे." मी दारात दोरी बांधून कपडे वाळत घातले, "मुभा आहे." दिवाळीत मी चिवडा नेऊन दिला तर डबा उघडून वास घेतला. "लाच आहे का? मुभा आहे हं माझ्याकडे." आणि आमच्यासमोरच मूठभर तोंडात टाकला. सुरुवातीला मला धडकी भरायची. मग एकदा त्यांना ताप आला, तेव्हा चार दिवस मुभेचं नाव निघालं नाही, आणि मला करमेना. पेज घेऊन गेले तर ती चमच्याने ढवळून बघत म्हणाले, "यात काय घातलंयस? मुभा आहे माझ्याकडे." तेव्हा कुठं जीव खाली पडला.

आता बदलापूरच्या पुढे, चामटोलीला, ह्यांनी कर्ज काढून एक छोटं घर घेतलं आहे. आमचं स्वतःचं. सामान टेम्पोत भरलं, खोली झाडून काढली, कुलूप लावलं आणि किल्ली घेऊन मी काकांकडे गेले. एवढी केस ज्या ताब्यासाठी चालली, तो ताबा मी स्वतःच्या हाताने द्यायला आले होते. मला वाटलं, हसतील.

त्यांनी हात पुढे केलाच नाही.

"ही काय?"

"किल्ली. खोलीचा ताबा घ्या जी."

"मी मागितलाय कुठं ताबा?" काका म्हणाले. "दावा मागे घेतलाय मी. माझ्याकडे फक्त मुभा आहे. मागेन तेव्हा द्यायचा."

"पण आम्ही तर चाललो काका."

"जा ना. कोण अडवतंय?" ते कढीपत्त्याकडे बघत होते. तो मी टेम्पोत चढवायचा ठेवला होता. "ते तिथंच राहू दे. पुरावा जागेवरून हलवायचा नसतो."

"मग पाणी कोण घालीन?"

"झाड कुणी लावलं? मी?" काका चिडून म्हणाले. "रविवारी सुट्टी असते ना तुला? यायचं. घालायचं. किल्ली काय शोभेला ठेवतोय तुझ्याकडे?"

हे टेम्पोचा हॉर्न वाजवत होते. मी वाकून नमस्कार केला, तर पाय मागे घेतले. मग त्यांनी चपला घातल्या, म्हणे नाक्यापर्यंत येतो, टेम्पो नीट वळतो का बघायला. स्वतःच्या दाराला कुलूप लावलं. इकडेतिकडे बघितलं. समोर पाटील मामी होत्या, दूधवाला होता. त्यांना हाक मारली नाही.

"सुनंदा, जरा ओढ बरं."

मी ओढलं. जोरात, दोन्ही हातांनी. "लागलंय काका."

"ही ओढून बघायची," काका म्हणाले. आम्ही यायच्या आधीच गेलेल्या काकूंबद्दल ते एवढ्या वर्षांत पहिल्यांदाच बोलत होते. "रोज. मी आधी निघायचो, ही मागून ओढायची आणि म्हणायची, लागलं. मग मी वळून बघायचो नाही."

आणि ते नाक्याकडे चालायला लागले. मी कुलपापाशीच उभी होते, किल्ली मुठीत धरून. वाट बघत होते, आता वळून माझ्याकडे बघतील, संशयाला जागा आहे म्हणतील.

नाका आला तरी काका वळले नाहीत.